शेड उघडी होती

काजूची शेड बायकांनी विकत घेतली, त्या दिवशी खरेदीखत लिहिणाऱ्या कुरुप सरांना घाम फुटला होता. कॉम्रेड दिवाकरन त्यांच्या टेबलावर दोन्ही हात टेकून उभे होते. हे आमच्याकडचे युनियनचे पुढारी. समोर माईक नसला तरी त्यांचा आवाज माईक असल्यासारखाच निघतो. जेवताना मीठ मागितलं तरी पलीकडच्या घरातला माणूस मीठ घेऊन येतो.

"कलम घाला," कॉम्रेड म्हणाले. "नवीन मालक सर्व कामगारांना त्यांच्या जुन्या सेवेसह, जुन्या हक्कांसह आणि जुन्या देण्यांसह स्वीकारील."

"नवीन मालक म्हणजे?" कुरुप सरांनी विचारलं.

"संस्था."

"संस्था म्हणजे?"

"या बायका."

"आणि कामगार?"

"याच बायका."

कुरुप सरांनी चष्मा काढला, नेसलेल्या मुंडूच्या टोकाला पुसला, पुन्हा घातला आणि समोर खरंच एवढ्याच बायका आहेत का ते पाहिलं. एवढ्याच होत्या. मग त्यांनी अगदी हळू, तापलेल्या माणसाशी बोलावं तसं, समजावायला घेतलं की असं लिहिलं तर जुन्या मालकाचं जे काही राहिलं असेल ते तुमच्याच... पण तोवर मागच्या रांगेतून एक आवाज आला.

"लिहा."

ही माझी वल्यम्मा. आईची थोरली बहीण, पंकजाक्षी, संस्थेची अध्यक्ष. तिचा आवाज मोठा नाही. पण ती एकदा बोलली की पुढचा माणूस पुन्हा विचारत नाही. शेडमध्ये तिच्याशी बोलायचं म्हणजे आधी तिच्या हातातली बी फुटू द्यायची. लाकडी हातोडीचा एक ठोका, टरफल बाजूला, गर अख्खा टोपलीत, आणि मग उत्तर. हातात बी नसली तरी तेवढा वेळ ती घेतेच.

कुरुप सरांनी लिहिलं. लिहिणारच, कारण या कलमासाठी आमच्या बायका चाळीस वर्षं भांडल्या आहेत. शेड विकली जायची, नवा मुतलाळी यायचा (मुतलाळी म्हणजे मालक), फाटकावरची पाटी बदलायची आणि बायकांना एका कागदावर अंगठा मारायला लावायचे की शेड मध्ये काही महिने बंद होती, सगळ्या आता नव्याने कामाला लागल्या. बंद वगैरे काही नसायची. माझी आजी कल्याणी त्याच शेडमध्ये, त्याच खांबाशेजारी आयुष्यभर बसली. तिच्या डोक्यावर तीन पाट्या बदलल्या. म्हातारपणी काम सोडलं तेव्हा हिशेबात तिची नोकरी निघाली चार वर्षांची. त्या पैशांतून तिने एक पलंग घेतला आणि त्यावर फार दिवस झोपली नाही.

म्हणून कलम. नवा मालक कोण, हे बघायची कुणाला सवयच नव्हती.

पहिले काही महिने झकास गेले. जुने मुतलाळी यशोधरन यांनी व्हिएतनामच्या मशीनवर सोललेल्या स्वस्त काजूला शिव्या घालत शेड विकली होती. त्यांना जमलं नाही ते बायकांना बऱ्यापैकी जमायला लागलं. आणि मग रत्नम्मा गुडघा दाखवायला विम्याच्या दवाखान्यात गेली.

रत्नम्मा शेडमध्ये वल्यम्माच्या डाव्या हाताला बसते. बोलायला लागली की मध्ये श्वास घेत नाही, त्यामुळे तिचं वाक्य संपलं हे तिच्या खोकल्यावरून कळतं. खिडकीतल्या मुलीने तिचं कार्ड पाहिलं आणि सांगितलं की अम्मा, संस्थेच्या आधीची दोन वर्षं तुम्ही कामालाच नाही, तुमच्या नावावर वर्गणी आलेली नाही. रत्नम्माने दोन्ही हात खिडकीतून आत घातले. काजूच्या टरफलाच्या तेलाने हात कोपरापर्यंत म्हणावेत इतके काळे होतात. राख लावा, खोबरेल लावा, डाग जात नाहीत. "मग ही काय मी मेंदी काढलीय का, मोळे?" असं तिने विचारलं. मोळे म्हणजे पोरी. ती मुलगी काही वाईट नव्हती. तिनेच सांगितलं की मालकाने तुमच्या पगारातून पैसे कापले असतील आणि भरले नसतील, तर तक्रार करा.

एवढं म्हटल्यावर आमच्या बायकांना काय हवं. दुसऱ्या दिवशी काम अर्धा दिवस बंद. कॉम्रेडनी तक्रार तोंडी सांगितली, ती शेजारच्या गावापर्यंत ऐकू गेली. दर शनिवारी पगारातून विम्याचे पैसे कापले गेले, मालकाने स्वतःचा वाटा भरला नाही आणि आमचाही गिळला, सबब या कारखान्याच्या मालकाकडून पैसा न् पैसा व्याजासकट वसूल करावा. सगळ्यांनी सह्या केल्या. वल्यम्माची सही पहिली.

विमा कार्यालयाने काम चोख केलं. माणूस येऊन शेड पाहून गेला, आणि काही आठवड्यांनी नोटीस आली. कायदा असा की धंदा विकला गेला तर कामगारांच्या विम्याची थकलेली वर्गणी विकणारा आणि घेणारा दोघांकडूनही वसूल होऊ शकते, दोघांपैकी जो सापडेल त्याच्याकडून. यशोधरन मुतलाळींच्या नावावर कार्यालयाला काही सापडत नव्हतं. शेड मात्र जागेवर होती, छप्पर, भट्टी, वजनकाट्यासकट. तेव्हा व्याज आणि दंड धरून सहा लाखांच्या वरची रक्कम संस्थेने भरावी, नाहीतर शेडवर जप्ती येईल. सुनावणीची तारीख खाली होती.

कॉम्रेडनी नोटीस वाचून दाखवली आणि सवयीने मूठ वर केली. "नवीन मालक..." एवढं म्हणाले आणि मूठ तशीच राहिली. बायकाही सवयीने उठल्या होत्या. मालकाच्या फाटकावर जायचं म्हणून निघाल्या, फाटकापर्यंत गेल्या, तर ते आपलंच. थोडा वेळ आत-बाहेर उभ्या राहिल्या. मग रत्नम्मा म्हणाली की भट्टीतल्या बिया करपतायत, तशा सगळ्या परत आल्या. आपलेच दात, आपलेच ओठ.

त्या संध्याकाळी वल्यम्मा घरी मासे साफ करत बसली. मी विचारलं, आता काय. तिने एक मासा पुरा केला. "मुतलाळीला भेटायचं," म्हणाली.

यशोधरन मुतलाळी आता लग्नाचा हॉल चालवतात. शेड विकून आलेल्या पैशांतले काही त्यात घातले, असं लोक म्हणतात. ते स्वतः म्हणतात की कर्ज आहे, सगळं कर्ज आहे, अंगावरचा सदरासुद्धा बँकेचा. माणूस गोड. इतका गोड की त्यांच्याशी बोलून आल्यावर पाणी प्यावंसं वाटतं. प्रत्येक बाईला 'मोळे' म्हणणार, तिच्या नातवाचं नाव विचारणार, बरोबर नाव सांगून विचारणार.

बायका गेल्या त्या दिवशी हॉलमध्ये लग्न होतं. फाटकाबाहेर रांगेत बसायचं, घोषणा द्यायच्या नाहीत, नुसतं बसायचं, असं वल्यम्माने ठरवलं होतं. लग्न त्या पोरीचं आहे, तिचा काय दोष. पण नवरीची आई पलीकडच्या गावातल्या शेडमध्ये बिया सोलायची. तिने या सगळ्यांना ओळखलं आणि हाताला धरधरून आत नेलं. लग्नात बोलावलेल्या माणसाने जेवायचं नाही म्हणजे काय. तेव्हा धरणं धरायला आलेल्या बायका केळीच्या पानावर बसल्या आणि मुतलाळी स्वतः बादली घेऊन वाढायला आले.

"पंकजाक्षी, मोळे, अवियल घे. रत्नम्मा, तुझा गुडघा कसा आहे?"

रत्नम्मा म्हणाली, "गुडघ्याचेच पैसे मागायला आलेय."

मुतलाळी हसले. मग वल्यम्माच्या पानासमोर उकिडवे बसले आणि बादलीच्या आडून, पापड वाढताना बोलावं तितक्या सहज, त्यांनी तोड सांगितली. भांडायचं कशाला? ती दोन वर्षं शेड बंद होती म्हणून सांगू. मी सांगतो, तुम्हीही सांगा. हजेरीची वही तशीही वाळवीने खाल्ली. बंद शेडला कामगार नाहीत, कामगार नाहीत तर वर्गणी नाही, वर्गणी नाही तर जप्ती नाही. तुमची शेड तुम्हाला, माझा हॉल मला. आणि वर खिरीसारखं पायसम वाढलं, दोन प्रकारचं.

वल्यम्माने पायसम खाल्लं. खाऊन झाल्यावर म्हणाली, "विचारून सांगते."

संस्थेचा वकील प्रेमजित. हा एका वेळी दोन माणसांशी बोलतो, समोरच्याशी आणि फोनवरच्याशी, त्यामुळे आपल्याला मिळालेला सल्ला आपलाच आहे की कुणाच्या घटस्फोटाचा, हे शेवटी विचारून घ्यावं लागतं. तो खुर्चीतून उठला. "सोनं आहे हे, चेची. हो, हो, पोटगी सोडू नका. चेची, तुम्ही बंद म्हणा, एका बैठकीत मिटतं." चेची म्हणजे ताई.

"आणि आमची आधीची वर्षं?" वल्यम्माने विचारलं.

प्रेमजितने फोन खाली ठेवला, म्हणजे प्रश्न बरोबर होता. मध्ये दोन वर्षं काम नव्हतं म्हटलं की सेवा तुटली. त्याआधीचं कुणाचंच काही धरता येणार नाही. सगळ्या संस्थेत नव्याने लागल्या, असं होईल.

त्या आठवड्यात शेडमध्ये हातोड्यांपेक्षा तोंडंच जास्त चालली. तरुण बायका म्हणत होत्या की वर्षं गेली तर गेली, शेड राहू दे. म्हाताऱ्या तेवढ्या खाली बघून बिया फोडत होत्या. कॉम्रेड दिवाकरन पहिल्यांदाच हळू बोलले, आणि हळू बोलले म्हणून कुणी ऐकलं नाही. शेवटी रत्नम्माने हातोडी खाली टाकली.

"पंकजाक्षी, शेड गेली तर तुझी ती वर्षं काय मीठ लावून चाटायची? माझा जावई गल्फमधून परत आलाय, घरात सहा तोंडं आहेत, मला शनिवारचा पगार हवा, मी बंद म्हणते, चारदा बंद म्हणते." आणि खोकली.

वल्यम्माच्या हातात बी होती. तिने ती फोडली नाही.

"माझ्या आईने तीनदा बंद म्हटलं," ती म्हणाली. "शेडसाठीच म्हटलं. दर वेळी शेड राहिली आणि वहीतून तीच गेली. मी दोन वर्षं घरी बसले होते असं मी सांगणार नाही. शेड मी जाऊ देणार नाही. हप्ते मागीन, पाया पडीन, माझ्या घराची जागा तारण ठेवीन. पण बंद म्हणणार नाही. तुम्हाला म्हणायचं असेल तर आत्ता दुसरी अध्यक्ष करा, मी मोकळी."

रत्नम्माने तिला एक शिवी दिली, आमच्याकडे फक्त सख्ख्या बहिणीला देतात ती, आणि हातोडी उचलली. दुसरी अध्यक्ष कुणी केली नाही.

सुनावणीला बायका एका बसमधून गेल्या, मलाही बरोबर घेतलं. अधिकारी साहेब असे बोलायचे की प्रत्येक शब्द डोळ्यात घालायच्या औषधासारखा थेंबाथेंबाने पडायचा, आणि पुढचा थेंब पडेपर्यंत मान वर करून थांबायचं. मुतलाळी पांढऱ्याशुभ्र मुंडूत, शेजारी त्यांचा वकील. वकिलाने सांगितलं की संबंधित काळात कारखाना बंद होता, एकही कामगार नव्हता, खरेदीखतातलं ते सेवेचं कलम खरेदीदारांनीच घातलेलं आहे, विक्रेत्याचा त्याच्याशी संबंध नाही.

साहेब वल्यम्माकडे वळले. "संस्थेचं म्हणणं?"

प्रेमजितने खालून तिचा पदर ओढला.

"उघडी होती, सर," वल्यम्मा म्हणाली.

साहेबांनी पेन खाली ठेवलं. "अम्मा. उघडी होती म्हटलं. तर ही रक्कम. तुम्हालाही भरावी लागेल. समजलं?"

"समजलं, सर."

"बंद होती म्हटलं. तर कुणालाच नाही."

"तेही समजलं."

"मग?"

"उघडी होती, सर."

साहेबांनी नोकरीत पुष्कळ लोक पाहिले असतील, पण देणं अंगावर ओढून घ्यायला बसने आलेले बहुधा नसावेत. त्यांनी पुरावा विचारला. हजेरी वाळवीने खाल्लेली, पगार रोख हातात मिळालेला, चिठ्ठ्या चुलीत गेलेल्या. मुतलाळींचा वकील खुर्चीत मागे रेलला. प्रेमजितने फोन काढला.

वल्यम्मा मुतलाळींकडे वळली. रागाने नाही. शेडमध्ये सकाळी त्यांना बघायची तशीच.

"मुतलाळी, शेड बंद होती तर त्या दोन विषूंना तुम्ही आम्हाला नाणं दिलं नाहीत. तेवढं साहेबांना सांगा. आमच्या हातावर तुम्ही काही ठेवलं नाहीत, असं. मग मी खाली बसते."

विषूच्या, म्हणजे नव्या वर्षाच्या, सकाळी थोरल्याने धाकट्याच्या हातावर नवं नाणं ठेवायचं, म्हणजे वर्ष भरभराटीचं जातं. शेडमध्ये ते मालकाने ठेवायचं असतं. बाकी मालक मुकादमाकडून उरकून घेतात. यशोधरन मुतलाळी तसे नव्हते. हाताने द्यायची गोष्ट असेल तर ते राजे. कायद्याने द्यायची असली की सदरा बँकेचा.

वकील म्हणाला, हा प्रश्न गैरलागू आहे. साहेब म्हणाले, "ऐकू. या."

मुतलाळींच्या चेहऱ्यावर तेव्हा जे झालं ते मला नक्कल करून दाखवता येत नाही. दिलेलं विषूचं नाणं दिलं नाही म्हणायचं, म्हणजे देणाऱ्याचंही पुण्य जातं आणि घेणारीचीही भरभराट. वकिलाने त्यांच्या बाहीला हात लावला. त्यांनी बाही सोडवून घेतली.

"दिलं," ते म्हणाले. "मी कधी चुकवलं नाही. बँकेतून कोरी नाणी आणवली, माझ्या हाताने दिली, खांबापासून सुरुवात करून." मग थांबवत नव्हतं त्यांना. "पहिल्या वर्षी रत्नम्माचा नातू आला होता, त्यालाही दिलं. दुसऱ्या वर्षी या पंकजाक्षीला ताप होता, तरी ती आली होती, मी म्हटलं घरी जा मोळे, गेली नाही."

"कुठे. दिलं?" साहेबांनी विचारलं.

"कुठे म्हणजे? शेडमध्ये. बिया फोडत बसल्या होत्या ना सगळ्या."

साहेब लिहीत होते. वकिलाने कागद पिशवीत भरायला घेतले, एक एक, नीट घडी घालून. मुतलाळींना आपण काय बोललो ते हळूहळू कळत गेलं आणि ते खाली बघत बसले. रत्नम्मा माझ्या कानात म्हणाली की माणूस वाईट नाही, नुसता चोर आहे.

आदेश महिन्याभरात आला. शेड उघडी होती, कामगार होते, वर्गणी दोघांनी द्यायची. वल्यम्माने सुनावणीच्याच दिवशी साहेबांना हॉलचं सांगून ठेवलं होतं, तेव्हा हॉलच्या भाड्यापोटी लोक मुतलाळींना जे देणं लागतात ते आधी थेट कार्यालयात जमा व्हायचं ठरलं. त्या मोसमातल्या लग्नवाल्यांची जरा धांदल उडाली. तरी सगळं त्यातून फिटणार नव्हतं. उरलेल्या भागाचे हप्ते संस्थेला पाडून मिळाले. हप्ता चुकला तर जप्तीची तलवार आहेच. बायकांच्या कार्डावर मात्र ती दोन वर्षं लागली, आणि त्यांच्यामागची सगळी वर्षं त्यांना जोडून राहिली. मुतलाळी वल्यम्माशी पुष्कळ दिवस बोलले नाहीत. तिने त्यांना ओणमला केळ्याचे काप पाठवले. डबा रिकामा परत आला, म्हणजे खाल्ले.

पहिल्या हप्त्याच्या शनिवारी पगार वाटायला वल्यम्माच बसली होती. रत्नम्माने नोटा मोजल्या, पुन्हा मोजल्या.

"कापलेस," ती म्हणाली. "त्या चोराने एकदा कापले, आता तू कापतेस. एकाच गुडघ्याचे मी दोनदा देतेय."

"देतेयस," वल्यम्मा म्हणाली. "हॉलवाल्याकडून आणखी वसूल झाले की तुझे परत मिळतील. मी मागत राहणार आहे."

"आणि नाही दिले त्याने?"

"मग परत मागीन."

रत्नम्मा खोकली. वल्यम्माने पुढच्या बाईचं नाव घेतलं. सगळ्यांचे पैसे देऊन झाल्यावर स्वतःचे घेतले, त्यातूनही तेवढेच कापले, आणि सोमवारी विमा कार्यालय किती वाजता उघडतं ते मला विचारलं.